हनुवटीच्या वर फूल नको

बाळांनो, परवा व्हिडिओ कॉलवर तुम्ही ताईच्या लग्नाचे फोटो बघत होतात, तेव्हा धाकट्यानं विचारलं, "आजी, सगळ्या टेबलांवर रिकामे तांबे का ठेवलेत?" लगेच मोठीनं विचारलं, "आणि मधल्या मोठ्या टेबलावरच्या तांब्यात ती कापलेली काठी कसली आहे?" तेवढ्यात तुमची शाळेची बस आली आणि कॉल बंद झाला. विचारलेल्या प्रश्नाचं उत्तर अर्धवट ठेवणं मला आवडत नाही, म्हणून हे लिहून पाठवते आहे. मराठीतच लिहिते. तुमचे बाबा वाचून दाखवतील. एखादा शब्द अडला तर त्यांनी मला फोन करावा, अंदाजानं अर्थ सांगू नये.

तांबे आमच्या बिल्डिंगमधल्या बायकांचे होते. पण ते टेबलांवर आले, रिकामे झाले आणि त्यातल्या एकात कापलेली काठी उरली, या तिन्ही गोष्टींचं श्रेय मॅडमना जातं.

मॅडम म्हणजे आमच्या समोरच्या फ्लॅटमधल्या. तुम्ही लहानपणी आला होतात तेव्हा त्यांनी तुमच्या हातातला प्लास्टिकचा गुलाब काढून घेऊन खिडकीतून खाली टाकला होता, त्याच. त्यांना नाव आहे, पण ते मी कोणाच्या तोंडून ऐकलेलं नाही. दूधवाल्यापासून डॉक्टरांपर्यंत सगळे त्यांना मॅडमच म्हणतात. मुलींच्या कॉलेजात त्या गृहविज्ञान शिकवायच्या. त्यात गृहसजावट, गृहसजावटीत पुष्परचना, आणि पुष्परचनेत त्यांचा खास प्रांत म्हणजे जेवणाच्या टेबलावरची पुष्परचना. हे सगळं सोलापुरात. त्या काळी आमच्याकडे बहुतेक घरांत लोक खाली बसून जेवत, आणि ज्यांच्याकडे टेबल होतं ते त्यावर कपड्यांना इस्त्री करत. पण मॅडमनी अशा क्षुल्लक अडचणींकडे कधी लक्ष दिलं नाही.

त्यांचा पहिला नियम म्हणजे टेबलावरचं फूल समोर बसलेल्या माणसाच्या हनुवटीच्या वर जाता कामा नये. हे मोजायची पद्धतही त्यांची स्वतःची. कोपर टेबलावर टेकवायचं, मूठ वळायची आणि हनुवटी मुठीवर ठेवायची. फूल मुठीपर्यंतच. "टेबल बोलण्यासाठी असतं," त्या म्हणत. "फुलांच्या आडून माणसं बोलत नाहीत, डोकावतात." नियमात काही चूक नाही. पण मॅडम बँकेत गेल्या तरी काउंटरवर कोपर टेकवून हनुवटी मुठीवर ठेवत आणि मग कॅशियरच्या समोरची कुंडी बाजूला सरकवून ठेवत. मागची रांग वाढत जाई.

दुसरा नियम तीन काड्यांचा. सगळ्यात उंच काडी म्हणजे आकाश, मधली म्हणजे माणूस, बुटकी म्हणजे धरती. तिन्ही वेगवेगळ्या दिशांना झुकलेल्या हव्यात. मात्र पहिला नियम दुसऱ्यालाही लागू, म्हणजे आकाशही हनुवटीच्या खालीच. तुमचे आजोबा म्हणायचे, "या बाईच्या घरात आकाशालासुद्धा शिस्त आहे."

पर्समध्ये कात्री कायम. त्यांच्या विद्यार्थिनी गावभर पसरलेल्या आहेत आणि त्या सगळ्या अजून त्यांना घाबरतात. मॅडम जिना चढताना दिसल्या की घराघरांतली प्लास्टिकची फुलं कपाटात, पलंगाखाली, एका घरात तर फ्रीजमध्ये जातात. एका ओळखीच्या घरी आजोबा वारले तेव्हा आम्ही दोघी भेटायला गेलो होतो. घरातली माणसं डोळे पुसत बसलेली. मॅडम फोटोकडे बघत होत्या. मग उठल्या, फोटोजवळ गेल्या, हार डावीकडून थोडा वर ओढला, उदबत्तीचं घर दुसऱ्या बाजूला नेलं, दोन पावलं मागे आल्या आणि म्हणाल्या, "आता बरे दिसतायत." त्या घरची सून त्यांची विद्यार्थिनी होती. ती रडता रडता म्हणाली, "थँक यू, मॅडम."

त्यांनी लग्न केलं नाही. का, ते मला माहीत नाही आणि तुम्हीही कोणाला विचारू नका. पण त्यामुळे बिल्डिंगमधल्या बायकांची मोठी पंचाईत झाली. हळदीकुंकवाला सवाशिणींना बोलावतात, म्हणजे ज्यांचे नवरे आहेत त्यांना. कुमारिकांनाही बोलावतात. पण केस पिकलेल्या, बॉबकट केलेल्या कुमारिकेला बोलवावं की नाही, याचा उल्लेख कुठे सापडला नाही. ठरवता येईना म्हणून बोलवलं नाही, आणि एकदा बोलवलं नाही म्हणून पुढेही बोलवलं नाही. शहाण्या बायका अशाच कठीण प्रश्न सोडवतात. मॅडमना याचं काही वाटतं का, हेही कोणी विचारलं नाही. त्या दिवशी त्या दार उघडं ठेवून पेपर वाचत बसत, आणि जिन्यावरून खाली जाणाऱ्या बायकांच्या केसांतले गजरे बघून पुटपुटत, "सगळ्यांचे मधोमध. जसे काही दिव्याचे खांब."

त्यांच्या फ्लॅटमध्ये गोल टेबल आहे आणि चार खुर्च्या. टेबलावर रोज ताजी रचना, हनुवटीच्या खाली. मॅडम एका खुर्चीवर बसून काट्या-चमच्यानं जेवतात. भाकरीसुद्धा. सोलापूरची कडक भाकरी तुम्ही पापडासारखी मोडून खाल्ली होती, आठवतं? ती काट्यानं टोचली की तिचा तुकडा उडून थेट समोरच्या खुर्चीवर जातो. समोर कोणी बसलेलं नसतं, त्यामुळे आजवर कोणाला इजा झालेली नाही.

आता लग्नाकडे येते.

तुमची ताई पुण्याहून आली होती आणि माझ्याकडे बसून डेकोरेटरचा अल्बम चाळत होती. फोमचे गुलाब, काचेच्या उंच नळ्या, नळ्यांत तरंगत्या मेणबत्त्या. ती वैतागून म्हणाली, "आजी, मला यातलं काही नको. टेबलांवरची फुलं आपण घरीच करू. आपल्या हातांनी." मॅडम विरजण मागायला आल्या होत्या. वाटी हातात धरून त्या दारातच थांबल्या.

"टेबलं आहेत?"

"हो, मॅडम. गोल टेबलं. पंगत नाही, उभ्यानं जेवण नाही. सगळे बसून जेवणार."

"खरी माणसं?"

ताईला हसू आलं. मॅडम हसल्या नाहीत. वाटी खाली ठेवून त्या खुर्चीच्या कडेवर बसल्या. "बेटा, कॉलेजात आमच्याकडे एक टेबल होतं. दरवर्षी परीक्षेला मुली ते मांडायच्या. प्लेट, नॅपकिन, फुलं, सगळं. बाहेरून परीक्षक यायचे, चहूबाजूंनी फिरून मार्क द्यायचे आणि जेवायला हॉटेलात जायचे. मग आम्ही ते आवरून ठेवायचो. मी जन्मभर टेबल मांडलं, पण त्यावर कोणाला जेवताना पाहिलं नाही."

ताईनं लगेच अल्बम मिटला. मॅडम विरजण न घेताच निघून गेल्या.

तुमच्या आत्याला हे अजिबात पटलं नाही. एकतर मुलीची आई, त्यात व्याही दुधनीचे. अक्कलकोटच्या पलीकडे, कर्नाटकाच्या कडेला. घर व्यापाऱ्यांचं, गोतावळा मोठा, बोलणं अर्धं मराठी अर्धं कानडी. त्यांनी फारसं काही मागितलं नव्हतं. जेवणात गव्हाची हुग्गी हवी, म्हणजे गुळाची खीर, वरून तुपाची धार; आणि बायकांचा मान नीट राखला जावा. हे दुसरं नवरदेवाच्या थोरल्या काकूंचं म्हणणं. त्यांना सगळे अक्का म्हणत. अक्कांनी मागे एक स्थळ केवळ एवढ्यासाठी मोडलं होतं की त्या घरी पाहुण्यांच्या आधी घरच्यांनी चहा घेतला.

"त्या मॅडमना आवर, आई," तुमची आत्या मला म्हणाली. "त्या अक्कांना कुठे काही बोलल्या तर माझी मुलगी जन्मभर ऐकेल."

"त्या फुलं मांडतील आणि बाजूला उभ्या राहतील," मी म्हणाले. मलाही तसंच वाटत होतं.

मे महिना होता. लग्नाच्या आदल्या दिवशी आमच्या हॉलमध्ये बादल्याच बादल्या. निशिगंध, मोगरा, अबोली, पानं. भांडी कुठली घ्यायची यावर मॅडमचं म्हणणं ठाम होतं. काच नको, फुलदाण्या नकोत, प्रत्येक घरात असतात ते पितळी आणि तांब्याचे तांबे. बायकांनी माळ्यावरून काढून, चिंचेनं घासून आणून दिले. त्यांच्यावर नावं कोरलेली. "मामाकडून सप्रेम भेट", "वास्तुशांतीनिमित्त", एकावर तर "गणेशोत्सव संगीत खुर्ची, द्वितीय क्रमांक". मॅडम म्हणाल्या, "अक्षरं मागच्या बाजूला." तुमचे आजोबा म्हणाले, "गोल टेबलाला मागची बाजू कुठली?" त्यावर मॅडमनी त्यांच्या हातात कात्री दिली आणि सांगितलं, "तुम्ही फक्त खालची पानं काढा. विचार करू नका."

मोगरा आणि अबोली यांचे देठ फार आखूड, ती फुलं तांब्यात उभी राहत नाहीत. म्हणून मॅडमनी युक्ती काढली. बांबूच्या बारीक काड्यांवर दोऱ्यानं फुलं बांधून त्यांचे छोटे तुरे करायचे. दुपारभर आम्ही बायका तुरे बांधत होतो आणि मॅडम प्रत्येकीच्या मागे उभ्या राहून बघत होत्या. "हा तुरा आहे की जखमेवरची पट्टी?" "तुझी धरती आकाशात गेली आहे." "तुम्ही राहू द्या, वहिनी, तुम्ही चहा करा." मोगरा-अबोलीचा घट्ट बांधलेला तुरा, खाली खोचायला काडी. असली वस्तू आपल्या गावात कशासाठी असते, हे तिथं बसलेल्या इतक्या बायकांपैकी एकीच्याही ध्यानात आलं नाही. सगळ्यांचं लक्ष त्या कात्रीकडे होतं.

तांब्यांतलं पाणी हेसुद्धा मॅडमचं शास्त्र. "कापलेल्या फुलाला तहान लागते तशी भूकही लागते," असं म्हणून त्यांनी लग्नाच्या सकाळी मंगल कार्यालयात प्रत्येक तांब्यात साखर घालायला लावली आणि वरून लिंबू पिळलं. पाणी फिल्टरचं होतं आणि त्यात बर्फाचे खडे होते, उन्हानं फुलं कोमेजू नयेत म्हणून. हे मी खात्रीनं सांगते, कारण पाणी मीच भरलं. पुढे काय झालं ते वाचताना हे लक्षात असू द्या, म्हणजे काळजी वाटणार नाही.

मधलं मोठं टेबल नवरानवरीचं. तिथे मात्र मॅडमनी स्वतःचा नियम मोडला. कंबर तलावाच्या काठानं उन्हात फिरून त्यांनी बोरीची एक वाळकी, वाकडीतिकडी काठी शोधून आणली होती. तिचे काटे काढून ती तांब्यात उभी केली आणि बुडाशी तुरे लावले. काठी बसलेल्या माणसाच्या डोक्याच्याही वर गेली.

"मॅडम, हनुवटी?" मी विचारलं.

"ते टेबल फोटोसाठी आहे," त्या म्हणाल्या. "तिथं कोणी कोणाशी बोलत नसतं."

खरं सांगायचं तर टेबलं सुरेख दिसत होती. पांढरे कपडे, मधोमध चकाकणारा तांब्या, त्यात तीन दिशांना झुकलेले तुरे. मॅडम रेशमी साडी नेसून, हातात पाण्याचा फवारा घेऊन दाराशी उभ्या होत्या. सकाळपासून त्यांनी काही खाल्लं नव्हतं. अक्षता पडल्या, बँड वाजला आणि जेवणाच्या हॉलचं दार उघडलं. पहिल्यांदा आत आल्या त्या दुधनीच्या बायका.

त्या बसल्या. एकीनं तांब्यातला एक तुरा उचलला, हुंगला आणि अंबाड्यात खोचला. शेजारणीनं दुसरा. तिसरीनं तिसरा उचलून आपल्या मुलीच्या वेणीत घातला. मग पहिलीनं तांब्यात डोकावून पाहिलं, बोट बुडवून चाखलं आणि शांतपणे सगळ्यांच्या पेल्यांत पाणी ओतलं.

"सरबत हाय की!"

"लिंबू जरा कमी हाय, पर गार हाय."

"दर टेबलाला तांब्या, आन् तांब्यावर बायकास्नी तुरा. काय रीत हाय वो हेंच्यात!"

मी आणि तुमची आत्या भिंतीशी उभ्या होतो. आत्याचा चेहरा आधी पांढरा पडला होता. हे शेवटचं वाक्य ऐकून तो फुलला. तिला कोणीतरी विचारलं, ही पद्धत तुमच्याकडे पहिल्यापासून का? ती म्हणाली, "हो ना, आमच्याकडे असंच असतं." माझ्याकडे मात्र तिनं पाहिलं नाही.

मॅडम त्या टेबलाकडे धावल्या तोवर पलीकडची टेबलंही रिकामी व्हायला लागली होती. मग त्या एका टेबलावरून दुसऱ्याकडे पळू लागल्या, हातात फवारा. "नाही, नाही! ते प्यायचं नाही! ते फुलांचं आहे!"

"फुलांचंच ग्वाड लागतंय, बाई," मिशी पुसत एक म्हातारे गृहस्थ म्हणाले. "गुलाबाचं सरबत पेलोय. मोगऱ्याचं आजच पेलो. आनि हाय का?"

दहा-पंधरा मिनिटांत हॉलभर नुसते रिकामे तांबे. "मामाकडून सप्रेम भेट" आता सगळ्यांना वाचता येत होतं. मॅडम हॉलच्या मध्यावर उभ्या होत्या, आणि त्यांच्याभोवती शंभर डोक्यांत त्यांचे तुरे हलत होते. सगळे मधोमध खोचलेले. समोरच्या टेबलावर अक्का बसल्या होत्या, त्यांची पाठ मॅडमकडे होती. भला मोठा अंबाडा, त्यात बरोब्बर मध्यभागी ताठ उभा तुरा.

मॅडमनी हात पुढे केला आणि तो तुरा उपसून काढला.

तुम्हाला तिकडे बसून याचा अर्थ कळणार नाही, म्हणून सांगते. सवाशिणीच्या डोक्यातलं फूल काढतात ते फक्त एकाच प्रसंगी. तिचा नवरा गेल्यावर. आणि इथं तर लग्नाच्या मांडवात, व्याह्यांच्या सगळ्यात मानाच्या बाईच्या डोक्यातून, भर जेवणात. त्या टेबलावरचं बोलणं थांबलं, मग शेजारच्या टेबलावरचं, मग सगळीकडचं. तुमच्या आत्यानं माझा दंड एवढा घट्ट धरला की त्याचा व्रण पुढे बरेच दिवस होता.

अक्का सावकाश उठल्या आणि वळल्या. "बाई, माझा मालक जिता हाय. भायेर चप्पल शोधायलाय. तुमी कुनाला इचारून फूल काढलं?"

"तुम्ही आधी माझ्या टेबलावरचं काढलंत," मॅडम म्हणाल्या. वर्गात शेवटच्या बाकापर्यंत पोचणारा त्यांचा आवाज. तो आता अक्कांपर्यंतही नीट पोचला नाही.

"मंग ठेवलं कशापायी?"

"बघायला."

"बघायला?"

"जेवताना. माणसं समोरासमोर बसून जेवताना... मध्ये असावं म्हणून."

अक्कांनी रिकाम्या तांब्याकडे पाहिलं, मग हॉलभर नजर फिरवली. "बघायलीत की मानसं. आमच्या डोक्यात हाय म्हनून तर बघायलीत. तांब्याकडं कोन बघतंय वो?" कोणीतरी हसलं आणि लगेच गप्प झालं, कारण अक्का हसत नव्हत्या. त्यांनी पाठ फिरवली, अंबाडा मॅडमच्या तोंडासमोर आणला आणि म्हणाल्या, "ज्या हातानं काढलं, त्या हातानं घाला."

मॅडम तुरा हातात घेऊन उभ्या राहिल्या. आमच्या बिल्डिंगमधल्या बायकाही बघत होत्या, ज्यांनी इतकी वर्षं हळदीकुंकवाचा प्रश्न सोडवून ठेवला होता. सवाशिणीच्या डोक्यात फूल घालायला मॅडमना आजवर कोणी सांगितलं नव्हतं. त्यांचा हात अंबाड्यापर्यंत गेला आणि थांबला. मला वाटलं, आता या रडणार. तुमच्या आत्यानं देवाचं नाव घेतलं.

"असं नाही," मॅडम म्हणाल्या. "मान जरा डावीकडे. आणखी. मधोमध खोचलं की झेंड्याची काठी दिसते." पर्स उघडली, कात्री काढली, काडी आखूड केली. शेजारणीच्या डोक्यातला तुरा न विचारता उपसला आणि त्याचे दोन केले. "हे आकाश. हा माणूस. ही धरती, कानाच्या मागे. हलू नका हो, तुम्ही फार हलता!"

एका मुलीनं मोबाइलवर मागून फोटो काढून अक्कांना दाखवला. अक्कांनी तो लांब धरून पाहिला, जवळ आणून पाहिला.

"यव्वा!" त्या म्हणाल्या. "पोरी, तू बी ये हिकडं. तुझंबी झेंड्याची काठी झालंय."

मग रांग लागली. लग्नात जेवणाची रांग मी पाहिली आहे, आहेराची पाहिली आहे, पण जेवण वाढलेलं सोडून बायका मॅडमकडे पाठ करून रांगेत बसलेल्या पहिल्यांदाच पाहिल्या. मॅडमनी कोणाची भीडभाड ठेवली नाही. "तुमचे केस विरळ आहेत, दोनच काड्या झेपतील." "हे केस तुमचे आहेत की लावलेले? मग त्याला काय तोल देणार?" "तेल कमी लावा, धरती घसरते." आणि बायका हे ऐकून हसत होत्या, दुसरीलाही पुढे ढकलत होत्या. नवरदेवाचे वडील दोनदा येऊन म्हणाले की जेवण गार व्हायलंय. सोलापुरात मे महिन्यात काही गार होत नाही, पण म्हणायची पद्धत आहे.

शेवटी मॅडम एकट्या उरल्या. अक्कांनी त्यांचा हात धरून विचारलं, "जेवलात?" उत्तराची वाट न बघता त्यांना ओढत मधल्या टेबलावर नेलं. नवरानवरी फोटोंसाठी स्टेजवर गेली होती, तिथलीच जागा रिकामी होती. दोघी समोरासमोर बसल्या. मीही शेजारी बसले, काही घडलंच तर जवळ असावं म्हणून. हुग्गी वाढली गेली, वरून तूप. मध्ये ती बोरीची काठी, बुडाचे तुरे केव्हाच गेलेले. अक्का तिच्या डावीकडून वाकल्या, मग उजवीकडून.

"बाई, तुमी दिसत न्हाई की वो."

मॅडमनी कात्री काढली आणि काठी कापली. कच्चकन, हनुवटीच्या खाली. वरचा तुकडा टेबलाखाली पडला आणि तिकडे त्यांनी पाहिलंही नाही.

बिल्डिंगमध्ये आता असं सांगतात की त्या क्षणी मॅडम विरघळल्या. मी शेजारीच होते. काठी कापल्यावर त्यांचं पहिलं वाक्य होतं, "चमचा चुकीच्या हातात धरलाय तुम्ही." अक्कांनी चमच्याकडे पाहिलं, तो बाजूला ठेवला आणि बोटांनी हुग्गी खायला लागल्या. तूप मनगटापर्यंत ओघळलं, ते त्यांनी चाटलं. मॅडमनी डोळे मिटले.

"तुमच्या डोक्यात काय न्हाई व्हय?" अक्कांनी विचारलं. आपल्या धरतीचा तुरा काढून, उठून त्या मॅडमच्या बॉबकटशी झटापट करू लागल्या. "हितं लावायचं तरी कुटं? केसच ठेवलं न्हाईत." अखेर त्यांनी तो चष्म्याच्या काडीत, कानाच्या वर अडकवला.

"हे हनुवटीच्या वर जातंय," मॅडम म्हणाल्या.

"जाऊ द्या की. जेवा."

परिणाम सांगायचा तर, पुढच्या हळदीकुंकवाला बिल्डिंगमधल्या बायकांनी मॅडमना बोलावलं. दुधनीच्या अक्का फोनवर त्यांची चौकशी करतात म्हटल्यावर बोलवावंच लागलं. मॅडम आल्या आणि आलेल्या प्रत्येकीचा गजरा उपसून त्यांनी पुन्हा लावला. यजमानीणबाईंच्या देवघरातली प्लास्टिकची कमळं पिशवीत भरून नेली. पुन्हा बोलवायचं की नाही, यावर सध्या गच्चीत चर्चा चालू आहे.

तर आता तो मधल्या टेबलाचा फोटो उघडा आणि मोठा करून बघा. तांब्यात कापलेली काठी आहे. तिच्या पलीकडे मॅडम आहेत, कानावर तुरा, आणि त्या अक्कांकडे बघून काहीतरी बोलतायत. मॅडमचा चमचा ताटाच्या बाहेर पडलाय. मॅडमच्या उजव्या हाताची पाचही बोटं हुग्गीत आहेत. डाव्या हातात मात्र कात्री आहे, उघडी.